रुळांपुढची दांडी

माझ्या थोरल्या वहिनींनी इस्पितळाच्या धुलाईखान्यात एकतीस वर्षं चादरींना इस्त्री केली. दुर्लक्षितांच्या आठवणी जपणारी मंडळी त्यांच्यावर माहितीपट काढून गेली. मला लिहायची सवय नाही, पण त्या माहितीपटात जे नाही ते कुठेतरी असावं.

वहिनींनी होकार दिला तो एकाच गोष्टीसाठी. इस्त्रीच्या यंत्राला दोन तापलेले रूळ असतात. हात आत जाऊ नये म्हणून त्यांच्यापुढे लोखंडी दांडी असते. दांडीला चादरी अडकतात, काम रेंगाळतं, म्हणून मुकादमाने ती काढून टाकली. आठवड्याभरात, वहिनींच्या शेजारी काम करणारी, जिला सगळ्या ठेंगणी म्हणत, तिची तीन बोटं गेली. कागदावर आलं, 'कामगाराचा निष्काळजीपणा'. मागोमाग नोकरीही गेली. ठेंगणी आता हयात नाही. तिची मुलगी मात्र अजून म्हणते, "आमची आई वेंधळीच होती."

मंडळी आली. आवाज नको म्हणून त्यांनी आधी पंखा बंद केला, मग फ्रिज, मग मला बाहेर काढलं. मी दाराआडून ऐकत होतो. दिव्यांची मांडामांड चालू असतानाच वहिनींनी सगळं सांगून टाकलं.

"वा काकू, कमाल!" दिग्दर्शक म्हणाला. "आता कॅमेऱ्यासमोर पुन्हा एकदा. यंत्राचं जरा कमी करा. तुम्हाला आतून काय वाटलं, ते येऊ द्या."

"मला काय वाटायचंय? बोटं तिची गेली."

"तरी... एकटेपणा वगैरे?"

"त्या खोलीत आम्ही बावीस बायका होतो रे बाबा."

शेवटी त्याने त्यांना खिडकीशी बसवून बाहेर बघायला लावलं. बाहेर शेजारी स्कूटर धूत होता. वहिनींनी मन लावून पाहिलं आणि म्हणाल्या, "चाकाजवळचं राहिलंय."

माहितीपट दाखवला त्या दिवशी सभागृह भरलं होतं. पडद्यावर वहिनी चार मिनिटं खिडकीबाहेर बघत होत्या आणि मागे बासरी गळा काढत होती. मग त्यांच्या हातांच्या सुरकुत्या, अगदी जवळून. मुकादम नाही, दांडी नाही, ठेंगणी तर नाहीच. लोकांनी डोळे पुसले. वहिनींनी मुद्दाम बोलावलेली ठेंगणीची मुलगी दुसऱ्या रांगेत होती. तिनेही पुसले आणि मला म्हणाली, "बासरी छान होती, नाही?"

"काकू, दोन शब्द?" दिग्दर्शकाने वहिनींना मंचावर नेलं.

वहिनींनी माईक घेतला आणि थेट दांडीपासून सुरुवात केली. मुकादमाचं नाव आलं तसा दिग्दर्शक लगबगीने पुढे झाला. "फार सुंदर, काकू! आता आपण सगळे चहाला..."

"हे कॅमेऱ्यात येतंय का?"

"नाही हो, कॅमेरे बॅगेत भरले."

"मग काढा. मी थांबते." आणि त्या मंचावरच्या प्रमुख पाहुण्यांच्या खुर्चीत बसल्या.

लोक चहाकडे निघाले. ठेंगणीची मुलगी तेवढी उलट दिशेने, मंचाच्या पायरीपाशी आली.

"मावशी, दांडी कुणी काढली म्हणालात?"

कॅमेरा बॅगेतून निघायचा होता. वहिनींनी वाट पाहिली नाही.