पितृपंधरवड्यातलं पाकीट

एक मूर्खपणा आधीच कबूल करून टाकते, म्हणजे पुढचं सांगायला मी मोकळी. पाकीट तयार होतं. वर पत्ता घातलेला होता. कंप्युटरवरच्या शीटमध्ये ‘मेल्ड’, म्हणजे टपालात टाकलं, असं मी स्वतःच्या बोटांनी टाइप केलेलं होतं. आणि तरी ते पाकीट चौदा दिवस माझ्या ड्रॉवरमध्ये, स्टेपलरच्या पिनांच्या डबीखाली पडून होतं. कुणी विसरलं म्हणून नव्हे. मी ठेवलं म्हणून.

२०१७ सालची गोष्ट. मी तेव्हा बासष्ट वर्षांची होते, म्हणजे पोरसवदाच. अक्कल यायची होती.

त्याआधी तीस वर्षं मी तहसील कचेरीत आवक-जावक सांभाळलं. आलेला कागद आवक वहीत, जाणारा कागद जावक वहीत. रिटायर झाले आणि लेकीकडे कॅनडात, ब्रॅम्पटनला आले. दोन विंटर खिडकीतून शेजाऱ्याचं बर्फ शोव्हल करणं बघितलं. मग आमच्या बसस्टॉपसमोरच्या प्लाझात एक पाटी दिसली. इमिग्रेशन कन्सल्टंट. मालकीण रमन मॅडम, पंजाबी, चाळिशीच्या, बोलायला चटपटीत. त्यांनी एकच प्रश्न विचारला, “आंटीजी, पेपर संभालना आता है?”

“और आता क्या है मुझे!” मी म्हटलं. नोकरी पक्की.

आमच्याकडे सगळ्यात जास्त येणारं काम म्हणजे PR कार्ड रिन्यू करणं. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. PR म्हणजे कायम इथे राहायची परवानगी. कार्ड म्हणजे त्या परवानगीचा पुरावा, साधारण पाच वर्षं चालणारा. कार्डाची मुदत संपली म्हणून परवानगी संपत नाही, पण एक मेख आहे. कॅनडाबाहेर गेलात आणि कार्ड चालू नसेल, तर परत येताना विमानात चढू देत नाहीत. म्हणजे घराबाहेर पडता येतं, किल्ली मात्र आतच राहते.

अर्ज म्हटलं तर सोपा. फॉर्म, दोन फोटो, पासपोर्टच्या झेरॉक्स, पाच वर्षांत देशाबाहेर किती दिवस होतात त्याची यादी. पण फोटोच्या मागे स्टुडिओचा शिक्का नसला, एक सही राहिली, तरी सगळं पाकीट परत. माझ्या हातचं पाकीट कधी परत आलं नव्हतं. त्याचा मला माज होता, खोटं कशाला सांगू?

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात स्मिता आली. मूळची विट्याजवळची. वेअरहाऊसमध्ये कामाला. नवरा संदीप ट्रक घेऊन विनिपेगच्या फेऱ्या मारायचा. दोघांचीही कार्डं ऑक्टोबरमध्ये संपत होती. दोघांचे अर्ज एकाच पाकिटात जायचे होते. मुलगी रेवा इथेच जन्मली, पण दहा महिन्यांची असताना तिला गावी सासूकडे ठेवलेलं. इथे पुष्कळ जण ठेवतात. दोघं शिफ्टला, डेकेअरचा खर्च आवाक्याबाहेर, करणार काय? आता रेवाला चार पूर्ण होणार होती. जानेवारीत जाऊन तिला आणायचं ठरलं होतं.

“कार्ड हातात आलं की लगेच तिकीट काढते, काकू,” सही करता करता ती म्हणाली. मग पाकिटावरच्या पत्त्याकडे बघून हसली. “सिडनी? ते ऑस्ट्रेलियात ना?”

“हे इकडचं, नोव्हा स्कोशातलं. कार्डांचं ऑफिस तिथे आहे.”

“मामंजी असते तर बघूनच सांगितलं असतं कधी पोचेल. पोस्टमन होते ना गावात. परवा त्यांची तिथी आहे. मी हाफ डे मागितलाय. खीर-वड्याचा नैवेद्य तरी दाखवते.”

ती गेली आणि माझ्या डोक्यात किडा वळवळला. परवा तिथी म्हणजे पितृपंधरवडा सुरू झालाय. पंधरवड्यात कुणी घर बघत नाही, सोनं घेत नाही, मुलगी दाखवत नाही. आणि मी या पोरीचं पाच वर्षांचं भाग्य या दिवसांत टपालात टाकू? नंतर काही वाकडं झालं तर? घटस्थापनेला टाकू. चौदा दिवसांनी काय फरक पडतोय?

तिने मला मुहूर्त विचारला नव्हता. मी परस्पर काढला. वर गंमत अशी, की त्याच पंधरवड्यात सेल लागला म्हणून मी स्वतःला नवे विंटर बूट घेतले. ते चालले.

आता शीटमध्ये ‘मेल्ड’ कशाला लिहिलं? ती तहसील कचेरीची सवय. आमच्याकडे जावक क्रमांक पडला की कागद गेला असं धरायचे. प्रत्यक्षात तो कपाटावर आठ दिवस हवा खात असे. कुणी विचारायला आलं की वही उघडून दाखवायची, ‘हे बघा, गेलाय.’ वही खोटं बोलत नाही, असं आम्ही लोकांना सांगायचो. वहीत लिहिणारी बाई बोलते, ते कुणी विचारत नसे.

आदल्या संध्याकाळी पाकीट घरी आणलं होतं. घटस्थापनेला सकाळी मी त्याला हळद-कुंकू लावायला निघाले होते. तेवढं मात्र नात बघत होती म्हणून राहिलं. पाकीट पोस्टात टाकलं, पावती फाइलला लावली आणि विसरले.

नोव्हेंबरच्या मध्यावर स्मिताचा फोन आला. ती वेअरहाऊसच्या वॉशरूममधून बोलत होती. मागे हँड ड्रायर घोंघावत होता, आणि ती रडतेय की ओरडतेय तेच कळेना.

“काकू, आक्का पडल्या, माझ्या सासूबाई. खुब्याचं हाड मोडलंय. ऑपरेशन सांगितलंय. रेवाला कोण बघणार? ती दिवसभर दवाखान्यात त्यांच्या कॉटवर बसून असते.”

“शेजारीपाजारी?”

“सुमनकाकी येतात, पण त्यांचंही शेत आहे. मी सहा डिसेंबरचं तिकीट बघितलंय. दहाला रेवाचा वाढदिवस. काकू, कार्ड कधी येणार? आमची दोघांची जुनी कार्डं तर संपली.”

मी म्हटलं, “बघते. मॅडमशी बोलते.”

मॅडमनी लगेच फाइल मागवली. घरात कुणी फार आजारी असेल तर अर्ज लवकर बघा, अशी तातडीची विनंती करता येते. मान्य होईलच असं नाही. त्या साइटवर स्टेटस बघत होत्या, आणि मी समोर उभी.

“आंटीजी, ये क्या है? आपने सात सितंबर को भेजा. इनको पच्चीस को मिला. अठारा दिन? बैलगाडी से गया क्या?”

मी टेबलावरची पेनं सरळ लावू लागले.

“मैं कंप्लेंट डालती हूँ. ट्रॅकिंग नंबर दो. दो हफ्ते इनके पास पहले पहुँचता तो आज हमारी हालत कुछ और होती.”

त्यांनी फोन उचलला. त्या क्षणी मला एक सोपा रस्ता दिसत होता. टपालावर ढकलायचं. तीस वर्षं हेच तर केलं होतं. पण पावती फाइललाच होती, माझ्याच हाताने टोचलेली. तिच्यावर २१ तारीख होती. मॅडमनी पान उलटायचाच अवकाश.

“मॅडम, फोन मत करो,” मी म्हटलं. “पाकीट मेरे ड्रॉवर में था.”

मग सगळं सांगितलं. पंधरवडा, घटस्थापना, सगळं. बुटांचं नाही सांगितलं. माणसाने थोडी तरी अब्रू ठेवावी.

मॅडम ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. “आंटीजी, श्राद्ध हमारे यहाँ भी होते हैं. मेरी माँ उन दिनों नया सूट नहीं सिलवाती. लेकिन वो क्लाएंट की फाइल पर नहीं बैठती.” मग फाइल माझ्याकडे सरकवून म्हणाल्या, “पहले रिक्वेस्ट भेजेंगे. फिर स्मिता को फोन. आप करोगी.”

विनंतीसाठी डॉक्टरांचं पत्र हवं होतं. संदीपच्या चुलतभावाने व्हॉट्सॲपवर फोटो पाठवला. आडवा. त्यात पत्राच्या निम्म्या भागावर त्याचाच अंगठा. तारीख नाही, शिक्का नाही, इंग्रजीत चार ओळी आणि त्या औषधाच्या चिठ्ठीसारख्या. मी इथल्या सकाळी दवाखान्यात फोन लावला. तिकडे संध्याकाळची ओपीडी चाललेली.

“सिस्टर, पत्रावर तारीख टाका, शिक्का मारा, आणि पेशंटकडे चार वर्षांची मुलगी आहे, तिला बघणारं दुसरं कुणी नाही, असं लिहा.”

“मुलगी आमच्यासमोरच बसलीय की मॅडम. बिस्कीट खातीय. पण डॉक्टर आता ऑपरेशनला गेलेत.”

“थांबते.”

“फोनवर?”

“हो. फोनवर.”

पन्नास मिनिटं थांबले. एरवी लोकांना ‘उद्या या’ सांगणारी बाई मी. पत्र आलं, सरळ, अंगठ्याशिवाय. तिकिटाची प्रत, मॅडमचं पत्र, सगळं त्याच दुपारी गेलं. शीटमध्ये नोंद मी टाकली नाही. विनंती मिळाल्याचा ईमेल आला, तेव्हा टाकली.

मग स्मिताला फोन केला. तिला सरळ सांगितलं, पाकीट मी चौदा दिवस ठेवलं होतं. का ठेवलं तेही सांगितलं.

“काकू,” ती म्हणाली, “मी रोज शिफ्टवरून आले की कोपऱ्यावरचा मेलबॉक्स उघडते. दोनदा उघडते. एखादं पाकीट मागे अडकलं असेल म्हणून हात घालून बघते.”

आणि तिने फोन ठेवला.

पुढचे दिवस मला नीट आठवतात, कारण त्यांत दुसरं काही झालंच नाही. सकाळी उठले की स्टेटस. ऑफिसात पोचले की स्टेटस. जेवताना स्टेटस. ‘प्रोसेसमध्ये आहे’, एवढंच. दुसरा मार्ग होता. तसंच निघून जायचं, आणि भारतातून प्रवासाचा एकवेळचा कागद मागायचा. पण तो किती आठवड्यांत मिळेल याचा भरवसा नव्हता. स्मिताला दोन आठवड्यांवर रजा नव्हती. मॅडमनी तिला तोही पर्याय समजावला. ती म्हणाली, “तिकडे अडकले तर इथली नोकरी जाईल. मग मुलीला आणून खायला काय घालू?”

घरी मला जेवण जाईना. लेकीने विचारलं तेव्हा सांगावं लागलं. नऊ वर्षांची नात होमवर्क करत ऐकत होती. मान वर न करता म्हणाली, “बट आजी, यू टाइप्ड मेल्ड. दॅट्स लिटरली लाइंग.” तीस वर्षांत एकाही तहसीलदाराने ही ओळ मला सुनावली नव्हती.

सहा डिसेंबर आला आणि गेला. स्मिताने तिकीट पुढे ढकललं. दहा डिसेंबरला रेवाचा वाढदिवस झाला, दवाखान्यात. आक्कांच्या कॉटवर बसून तिने केक कापला, आणि आईबापांनी तो फोनवर बघितला. हे मला मॅडमकडून कळलं. स्मिता माझ्याशी बोलत नव्हती.

कार्डं तेरा डिसेंबरला आली. विनंतीमुळे आली की आपल्या पायाने आली, हे मला आजही माहीत नाही. हिशेब मात्र पहिलीतल्या पोरालाही जमेल. तेरातून चौदा गेले तर नोव्हेंबर उरतो. सहाचं विमान मिळालं असतं. वाढदिवस मिळाला असता.

पंधराला ती गेली. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात ऑफिसचं दार उघडलं आणि गारठ्याबरोबर स्मिता आत आली. तिच्या मागे गुलाबी जॅकेटमध्ये गुंडाळलेलं एक बोचकं. नवीन कार्डाची झेरॉक्स फाइलला लावायची राहिली होती, म्हणून ती आली होती. बोचक्याने माझ्याकडे निरखून बघितलं आणि आईला विचारलं, “ह्याच व्हय त्या, कागद लपिवनाऱ्या?”

“रेवा!” स्मिता ओरडली. मॅडमना एवढं मराठी येत नव्हतं, पण त्या हसल्या.

“ह्याच त्या,” मी म्हटलं.

मी त्या नोकरीत आणखी चार वर्षं राहिले. तेवढ्यात एक गोष्ट शिकले, ती कचेरीत शिकले असते तर अर्धा तालुका सुखी झाला असता. आपण कागद कधी पाठवला याला किंमत नाही. पलीकडे तो कधी पोचला, तीच तारीख खरी, आणि मुहूर्तही तोच.

पण त्या दिवशी स्मिता लगेच निघाली नाही. झेरॉक्स झाल्यावर तिने फोन काढला, व्हिडिओ कॉल लावला आणि माझ्यासमोर धरला. “आक्कांना तुमच्याशी बोलायचंय. मी त्यांना सगळं सांगितलंय.” पडद्यावर उशीला टेकून बसलेली, माझ्याच वयाची बाई. डोक्यावर पदर, शेजारी उभा केलेला वॉकर. मी हात जोडले. शिव्या खायच्या तयारीने मान खाली घातली. आक्कांनी फोन डोळ्यांजवळ ओढला. मग म्हणाल्या:

“आवो बाई, त्या पंधरवड्यात आमचं मालकच जेवून गेलं की. पस्तीस वर्सं टपाल वाटलं त्यांनी, दुसऱ्याचा कागद एक रात घरात ठिवला न्हाई. तुमी नुसतं टेबलावर ठिवलं असतं, तर त्यांनीच उचलून न्हेलं असतं.”