आईसाठी हळू केलेला खेळ

मोबाइलवरच्या खेळांमधले आकडे बदलायला मी बारावीत असताना शिकले, आणि ते मला फार छान जमायचं. आर्वीतल्या आमच्या गल्लीतली मुलं फोन घेऊन माझ्याकडेच यायची. कुणाची नाणी संपलेली असायची, कुणाला शर्यतीच्या खेळात महागातली गाडी हवी असायची. "ताई, एवढं करून दे नं वं," म्हणत ओट्यावर बसून राहायची.

करायचं काय, तर अगदी साधं. खेळ चालू असतो तेव्हा त्याचा सगळा पसारा फोनच्या मेमरीत मांडलेला असतो. तुमच्याकडे एकशेवीस नाणी असतील तर तिथे कुठेतरी एकशेवीस हा आकडा असतोच. पण तो आकडा इतरही हजार ठिकाणी असतो. मग मेमरी बदलणाऱ्या अॅपमधून आधी तो शोधायचा, खेळात थोडी नाणी खर्चायची, आणि उरलेला आकडा फक्त आधी सापडलेल्या जागांमध्ये शोधायचा. असं करत गेलं की जागा गळत जातात आणि शेवटी एकच उरते. तिथे आपल्याला हवा तो आकडा लिहिला की झालं. समोर दुसरा माणूस खेळत असेल अशा खेळांना मी हात लावत नसे. त्यांचे आकडे आपल्या फोनमध्ये नसतातच, आणि कुणाला तरी हरवण्यापेक्षा ती एक जागा सापडण्यातच मला जास्त मजा यायची. पुढे वर्ध्याला कॉम्प्युटरच्या पदवीला गेले तेव्हा वर्गात मेमरी शिकवायला लागले आणि मला वाटलं, अरे, हे तर माझ्या ओळखीचं गाव आहे.

माझी आई एसटीत कंडक्टर. आर्वी-वर्धा, आर्वी-पुलगाव अशा गाड्यांवर तिची बरीच वर्षं गेली. तिचा आवाज मोठा, चाल भरभर, आणि चालत्या गाडीत कशालाही न धरता उभं राहण्याची तिला सवय. तिच्या गाडीवर बहुतेक वेळा एकच ड्रायव्हर असायचे. मी त्यांना काका म्हणते. पुलगावच्या स्टँडवर गाडी थांबली की ही दोघं चहा घेत आपापल्या फोनवर एकच खेळ खेळायची. वरून फळं पडतात, खाली टोपली असते, ती अंगठ्यानं इकडे-तिकडे सरकवून फळं झेलायची आणि दगड चुकवायचे. टप्पा बदलला की फळं आणखी जोरात पडतात. कोण जास्त झेलतं यावर दोघांची रोजची भांडणं. घरी आली की आई आधी तेच सांगायची, "आज हरवलं डायव्हरले."

मी शेवटच्या वर्षाला असताना आईला लकवा मारला. सकाळी ड्यूटीवर जायला साडी नेसत होती, निरी हातातून सुटली आणि तिला ती परत धरताच येईना. बाबा शेतावर निघाले होते, ते दारातूनच परत फिरले. आम्ही तिला सेवाग्रामच्या दवाखान्यात नेलं. वेळेत पोचलो. जीव वाचला, बोलणं काही दिवसांत सुधारलं, पाय ओढत का होईना पण चालायला लागली. उजवा हात मात्र मागे राहिला.

फिजिओथेरपीच्या मॅडम तरुण होत्या, पुण्याकडच्या. त्यांनी आईला कणकेचे गोळे दाबायला, ताटलीतले वाटाणे एकेक उचलून वाटीत टाकायला सांगितलं. "उजवाच हात वापरायचा. डाव्याला मदतीला बोलवायचं नाही," त्या म्हणाल्या.

आईला याचा मनस्वी राग आला. "मॅडम, मी का अंगणवाडीत आहो? वाटाणे वेचायले लावून राह्यल्या मले."

घरी आल्यावर तर वाटाण्यांची ताटली तशीच पडून राहायची. मी आठवण केली की ती भिंतीकडे तोंड करायची. एकदा मी तिच्या हातात तिचा फोन दिला. म्हटलं, टोपलीचा खेळ खेळ, अंगठा तरी हलेल. तिनं सुरू केला. टोपली सरकायच्या आत तीन फळं जमिनीवर आणि खेळ खतम. परत सुरू केला, परत तेच. तिसऱ्यांदा तिनं फोन खाटेवर आपटला आणि म्हणाली, "घेऊन जा हे. माह्यासमोर आणू नको."

मी फोन उचलला आणि मला वाटलं, हिच्या अंगठ्याला लवकर हलवणं माझ्या हातात नाही, पण फळांना उशिरा पाडणं आहे.

माझ्याकडे एक जुना फोन होता. कंपनीनं त्यावर घातलेली सगळी कुलपं मी आधीच काढून ठेवली होती, त्यामुळे मेमरी बदलणारं अॅप त्यावर नीट चालायचं. त्यावर मी तो खेळ टाकला. नाण्यांपेक्षा हे काम अवघड होतं, कारण नाणी पडद्यावर दिसतात आणि वेग कुठेच लिहिलेला नसतो. काय शोधायचं हेच माहीत नाही. पण एवढं ठाऊक होतं की टप्पा बदलला की तो वाढतो आणि खेळ पहिल्यापासून सुरू केला की कमी होतो. म्हणून अॅपला सांगायचं, आधीपेक्षा वाढलेले आकडे तेवढे ठेव. मग, कमी झालेले तेवढे ठेव. आईच्या खाटेशेजारी बसून दोन दुपारी मी हेच करत होते.

एकदा चुकीच्या जागी हात घातला गेला आणि फळं खालून वर जायला लागली. आई पडल्या पडल्या बघत होती. तिला हसू फुटलं. "अवं पाह्य पाह्य, पेरू झाडाले परत चालला!" दवाखान्यातून आल्यापासून ती पहिल्यांदाच तशी हसली. तोंड अजून एका बाजूला जरा ओढलेलं होतं, तरीही.

दुसऱ्या दिवशी जागा सापडली. आकडा कमी करून तिथेच गोठवला आणि फळं पिसासारखी उतरायला लागली. मी फोन आईच्या उजव्या हातात ठेवला. तिनं अंगठा टेकवला. टोपली हळूहळू सरकली आणि एक आंबा तिच्यात पडला. मग दुसरा.

"ह्याले काय केलं तू?" तिनं विचारलं.

"फळं हळू केली."

"म्हणजे लबाडी केली."

"हो," मी म्हटलं. "तुझा हात मॅडमना हवा तसा हलावा म्हणून."

ती थोडा वेळ आंबे झेलत राहिली. मग म्हणाली, "चढावर डायव्हर गाडी पह्यल्या गेअरवर टाकतेच नं. त्याले कोणी लबाड म्हणत नाई. पण एक ऐक. गेअर मी सांगन तवाच बदलायचा. तुह्या मनानं नाई."

त्या दिवसापासून वाटाण्यांचा विषय बंद झाला. ती सकाळी खेळायची, दुपारी खेळायची, अंगठा दुखला की थांबायची आणि परत घ्यायची. चारेक दिवसांनी, "वाढव थोडा," म्हणायची. कधी हात जड असला की, "आज पह्यल्यावर टाक," म्हणायची आणि त्यात तिला काही कमीपणा वाटायचा नाही. मॅडमनी तपासलं तेव्हा अंगठ्यात ताकद आलेली त्यांना जाणवली. मी काय केलंय ते त्यांना दाखवलं. त्यांनी स्वतः एक डाव खेळून पाहिला आणि फक्त, "चालू ठेवा," म्हणाल्या.

आईनं मात्र एक गंमत केली. तिचे गुण एवढे झाले की तेवढे तिचे कधीच झाले नव्हते. तिनं त्या पडद्याचा फोटो काढायला लावला आणि काकांना पाठवला.

"हळू केला हे सांगशील ना त्यांना?" मी विचारलं.

"सांगन. दोन दिवस जळू दे त्याले आधी."

दोनाचे बरेच दिवस झाले. काका तिकडून आपले गुण पाठवायचे, आई त्याहून मोठे पाठवायची. मी आठवण केली की म्हणायची, "सांगन वं, घाई काऊन करते?" एवढी खूश होती की मीही फार ताणलं नाही.

मग एका रविवारी काका घरीच आले. पिशवीत संत्री होती. खुर्चीवर बसले, पाणी प्यायले आणि थेट मुद्द्यावर आले. "बाई, एवढे गुण आणते कुठून तू? मी पुलगावच्या स्टँडवर चहा सोडून देल्ला, तरी होत नाई."

आईनं मोठ्या ऐटीत माझ्याकडे बोट दाखवलं. "पोरगी शिकलेली आहे माही. तिनं खेळच हळू केला."

मला वाटलं आता ते हसतील. ते हसले नाहीत. हातातला पेला त्यांनी खाली ठेवला.

"म्हणजे हात बरा झाला नाई तुहा?"

"होऊन राह्यला हळूहळू."

"बाई, मी तं डेपोत सगळ्यायले सांगून बसलो. साहेबायलेबी सांगतलं. म्हटलं, बाईचा हात झाला चांगला, आता येते ते तिकिटाचं मशीन धरायले. माह्याच गाडीवर देजा तिले, म्हटलं. रोज वाट पाहून राह्यलो मी."

बाबा संत्री सोलत होते, ते थांबले. आईचा चेहरा उतरलेला मी आजारपणातही फारसा पाहिला नव्हता, तो तेव्हा उतरला. ती मला म्हणाली, "कर बरं जसा होता तसा. अगदी मुळातला."

"आई, आत्ताच नको."

"म्हटलं नं, कर."

मी आकडा मूळचा केला. फोन तिच्या उजव्या हातात दिला. काका खुर्ची ओढून जवळ आले. फळं धडाधड पडायला लागली. आईनं पहिलं झेललं, दुसरं झेललं, दोन सुटली, एक पेरू कडेला अडकवला, मग दगड चुकवताना तिसरं फळ सुटलं आणि डाव संपला. मी गुण बघत होते, फार थोडे होते. काका पडद्याकडे बघतच नव्हते. ते तिच्या हाताकडे बघत होते.

"अंगठा चालते नं वं चांगला," ते म्हणाले. "मी दवाखान्यात आलतो तवा हा हात उशीवर ठेवून देल्ला होता, वस्तू ठेवल्यासारखा."

"मंग! का सांगून राह्यली मी तुमाले?" आईचा आवाज परत आला.

"दे इकडे. मी दाखवतो."

"डाव्या हातानं," आई म्हणाली. "उजवा मागं ठेवा, भाऊ."

काकांनी उजवा हात पाठीमागे घेतला आणि डाव्या अंगठ्यानं सुरुवात केली. टोपली एका टोकाला गेली ती तिथेच राहिली. आईपेक्षाही लवकर बाद झाले. त्यांनी फोन उलटा करून पाहिला. "हा फोनच बेकार आहे," म्हणाले, आणि मग सगळेच हसलो. संत्री खाऊन, पुढच्या सुट्टीला येतो म्हणून ते गेले.

डेपोत त्यांनी काय सांगितलं कुणास ठाऊक, पण पुढच्या आठवड्यात आईच्या दोन मैत्रिणी, दोघी कंडक्टरच, घरी आल्या आणि त्यांनाही आईनं डाव्या हातानं खेळायला बसवलं. काका तर सुट्टीच्या दिवशी येतच राहिले. ते मूळच्या वेगावर डाव्या हातानं, आई कमी वेगावर उजव्या हातानं, असा त्यांनी आपसात नियमच करून टाकला. पुलगावच्या स्टँडवरची भांडणं आमच्या ओसरीवर आली.

हात पूर्ण पहिल्यासारखा झाला नाही. ती आता भाकरी थापते, ब्लाउजची बटणं लावते, सही करते. बारीक वस्तू चिमटीत धरता येत नाही. डॉक्टरांच्या तपासणीत ठरलं की चालत्या गाडीत उभं राहून तिकिटं फाडायचं काम आता देता येणार नाही. ते कळलं त्या दिवशी तिनं खेळ उघडला नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. काका आले आणि नुसतेच बसून गेले. नंतर तिला चौकशीच्या खिडकीवर काम मिळालं. पहिल्या दिवशी मी तिला सोडायला गेले तर कुठली गाडी कुठे लागली ते ती माइकवरून सांगत होती, आणि एवढ्या जोरात, की माइकची काही गरज नव्हती.

खेळात ती मूळच्या वेगाच्या जरा अलीकडे येऊन थांबली. मी आणखी वाढवू का विचारलं तर म्हणाली, "नाई, हाच बरोबर आहे. माहा स्पीड हा आहे आता."

मधल्या काळात मॅडमनी मला बोलावलं होतं. त्यांच्याकडे असे बरेच पेशंट होते, त्यांनाही तो खेळ हळू करून देता येईल का म्हणून. मी स्पष्ट नाही म्हटलं. कुणाच्याही फोनची कुलपं काढून असलं अॅप टाकणं धोक्याचं, त्यात माणसांचे बँकेचे व्यवहार असतात. आणि खेळ दुसऱ्याचा, त्यानं उद्या नवी आवृत्ती काढली की माझी शोधलेली जागा गेली. पण मी म्हटलं, मी वेगळा खेळ बनवून देते, त्यात वेग बदलायची पट्टी समोरच ठेवीन, ज्याची त्याला ओढता येईल अशी. शेवटच्या वर्षाचा प्रकल्प म्हणून तोच केला. दुसऱ्याचा खेळ आतून एवढा उलथापालथा केलेला असल्यामुळे आपला कसा मांडायचा हे मला बरंच ठाऊक होतं. पेरू-आंब्यांऐवजी मी भाज्या घेतल्या. चित्रं मीच काढली.

आता तो सेवाग्रामला मॅडमच्या टेबलावरच्या टॅबवर असतो. एका सुट्टीला आई माझ्याबरोबर आली आणि नाचणगावहून आलेल्या एका आजोबांना तिनंच तो शिकवला. त्यांचा हात तिच्या पहिल्या दिवसांसारखा जड होता. तिनं वेगाची पट्टी पार मागे ओढली, त्यांचा अंगठा धरून टोपलीवर ठेवला आणि म्हणाली, "आजोबा, घाई करायची नाई. गाडी कुठं पळून नाई चालली."

आजोबांनी वरून येणारी भाजी निरखून पाहिली. "हे का आहे वं, बाई? बटाटा?"

"वांगं आहे ते," आई म्हणाली आणि माझ्याकडे वळली. "मी तुले पह्यल्याच दिवशी सांगतलं होतं, त्याले देठ दाखव म्हणून."