लायब्ररीच्या फाइली

रायरांचे उपकार आधी सांगून टाकतो, म्हणजे पुढे मोकळेपणाने लिहिता येईल. माझे अप्पा तिरुवैयारुच्या आसपास लग्नांत स्वयंपाक करणारे आचारी. आमच्या घरात दहावीपुढे कोणी गेलं नव्हतं. रायरांनी कॉलेजला चिठ्ठी दिली म्हणून मला प्रवेश मिळाला, आणि पदवीनंतर नोकरीही त्यांनीच दिली, तंजावरातल्या त्यांच्या घराण्याच्या ग्रंथसंग्रहात. हे सगळं खरं आहे. त्या नोकरीत मला जेवढा त्यांचा राग आला तेवढा पुढे कोणाचाच आला नाही, हेही खरं आहे.

तमिळ शेजारी आमच्या मराठी लोकांना रायर म्हणतात. आम्ही मात्र ते एकाच माणसाला म्हणायचो. संग्रहाचे चिटणीस तेच, मालक तेच, आणि माझी हजेरी घेणारेही तेच.

काम होतं यादी करण्याचं. लोखंडी कपाटांत, म्हणजे आमच्या बोलीत बीरोंत, फडक्यात बांधलेले जुन्या कागदांचे बस्ते होते. कोणत्या बस्त्यात काय आहे ते एका म्हाताऱ्या ग्रंथपालांनाच ठाऊक होतं. मी घरी मराठी बोलायचो, पण वाचायचो तमिळ. देवनागरी आणि थोडी मोडी त्यांनीच शिकवली. ते एकेक बस्ता सोडून सांगायचे, ‘बीरो नंबर चार, खालचा कप्पा, तिसरा बस्ता’, आणि मी रोमन अक्षरांत टाइप करायचो. दोन वर्षांनी यादी संपली. त्याच वर्षी ग्रंथपाल गेले. आता त्यांच्या डोक्यात होतं ते सगळं त्या यादीत होतं, आणि दुसरीकडे कुठेच नव्हतं.

रायरांनी यादी वाचून एवढंच विचारलं होतं, “बीरो काय बीरो? पुण्याचे लोक हसतील. कपाट लिही.” मी मान हलवली आणि बदललं नाही.

मग तो जुना कॉम्प्युटर अडखळू लागला. चालू व्हायला कधी दोन तास, कधी अख्खी सकाळ. तेव्हा आमच्याकडची पोरं कॉम्प्युटरच्या नोकऱ्यांसाठी बंगळूरला जाऊ लागली होती. माझा एक वर्गमित्र पोंगलला गावी आला होता, त्याला मी बोलावलं. त्याने जुन्या कॉम्प्युटरची पूर्ण डिस्क जशीच्या तशी एका फाइलीत उतरवून घेतली आणि ती नव्या कॉम्प्युटरवर ठेवली. याला डिस्क इमेज म्हणतात, तो म्हणाला. नव्या पडद्यावर एका चौकटीत जुना कॉम्प्युटर सुरू झाला. तोच काळा पडदा, तीच माझी यादी. मी पाहतच राहिलो.

पण त्या चौकटीतून यादी बाहेर काढता येईना. छापताही येईना. मित्राने परत गेल्यावर एक सीडी पाठवली. तिच्यात लायब्ररी फाइली होत्या. इमेज उघडायची कशी, तिच्यातली एखादी फाइल शोधायची कशी, हे त्या फाइलींना माहीत असतं. आपण आपला छोटा प्रोग्राम लिहायचा आणि ते काम त्यांच्यावर सोपवायचं. त्या स्वतः वाचायच्या नसतात. तसा प्रोग्राम मी लिहून ठेवला; छापायचं तेवढं राहिलं होतं. मी त्या ‘लायब्ररी’ नावाच्या फोल्डरमध्ये ठेवल्या. इमेजला नाव दिलं ‘ओल्ड इमेज’. चूक झाली असेल तर ती इथे झाली, आणि ती माझी.

रायरांना मी समजावलं होतं की अख्खा जुना कॉम्प्युटर या एका फाइलीत आहे. ते हसून म्हणाले होते, “आचाऱ्याचा मुलगा. डब्यात स्वयंपाकघर भरतो.” दुसऱ्या दिवशी त्यांनी जुना कॉम्प्युटर भंगारवाल्याला देऊन टाकला.

त्यांचा एक नियम होता, संग्रहातला कागदाचा कपटाही बाहेर जाता कामा नये. संध्याकाळी निघताना ते माझी पिशवी उघडून बघायचे, कधी जेवणाच्या डब्याचं झाकणही. तरी मी इमेजची एक प्रत सीडीवर घेऊन शर्टाच्या आतून घरी नेली. जुना कॉम्प्युटर गेल्यापासून मला स्वस्थता नव्हती.

पुण्याहून दोन अभ्यासक यायचे होते. आदल्या दिवशी रायरांनी मला रजा दिली, न मागता. पाहुण्यांसमोर यादी आपल्याच हातून द्यायची, असा त्यांचा बेत होता. मी पापनाशमला बहिणीकडे गेलो. रायरांनी स्वतः कॉम्प्युटर उघडला. ‘लायब्ररी’ दिसली. आमच्या आवारात लायब्ररी म्हणजे दुसरं काय असणार? त्यांनी ती सीडीवर उतरवली. शेजारी ‘ओल्ड इमेज’ दिसली, सगळ्यांत मोठी फाइल. संग्रहाच्या कॉम्प्युटरवर मी जुने फोटो साठवतो असं त्यांना वाटलं. त्यांनी ती पुसून टाकली.

दुसऱ्या दिवशी पाहुण्यांनी सीडी उघडली तेव्हा पडद्यावर चौकोन आणि चिन्हं दिसली. मी दारात पोचलो तेव्हा रायर कॉम्प्युटरपाशी उभे होते.

“यादीचं काय केलंस?”

“मी काही केलं नाही, रायर. इमेज कुठे आहे?”

“तुझी चित्रं ना? काढून टाकली. हे काय सिनेमा थिएटर आहे?”

मी तिथल्या स्टुलावर बसलो. पाहुण्यांतल्या एकाने हळू विचारलं की दुसरी प्रत आहे का. ‘नाही’ म्हटलं असतं तर नोकरी राहिली असती आणि यादी गेली असती. रायरांकडे न बघता मी सांगितलं, आहे, घरी आहे.

सायकलने जाऊन सीडी आणली. लायब्ररीच्या फाइली जागच्या जागी होत्या. प्रोग्राम चालला, आणि प्रिंटरमधून पहिली ओळ बाहेर आली: बीरो नंबर एक, वरचा कप्पा. पाहुणे खाली वाकून वाचू लागले. रायरांनी कागदाकडे पाहिलंच नाही.

“म्हणजे माझ्या घरातून चोरून नेलंस.”

“हो.”

“शिकवलेल्या कुत्र्यालाही मालकाचं दार कळतं.”

पाहुणे यादी वाचत राहिले, आणि ते मी विसरलेलो नाही. रायरांनी माफीचा मजकूर सांगितला, मी लिहिला. ‘संस्थेची चित्रे परवानगीवाचून घरी नेली’ असं वाक्य होतं. मी म्हटलं, चित्रं नव्हेत, यादी. ते म्हणाले, “चित्रेच लिही.” मी लिहिलं, सही केली, आणि डबा घेऊन कायमचा बाहेर पडलो. त्या दिवशी पिशवी तपासली नाही.

यादी पुढे पुण्यात पुस्तक होऊन छापली गेली. संपादक म्हणून रायरांचं नाव आहे, ग्रंथपालांचं नाही, माझंही नाही. पुण्यातल्या एका दुकानात मी ते उभ्याने चाळलं. छपाई चांगली आहे. पानोपानी ‘बीरो’ आहे. शेवटी एक तळटीप आहे: ‘बीरो या शब्दाचा अर्थ लागत नाही.’