ब्लाशेकसाहेबांचं कोपर

ब्लाशेकसाहेब सिनेमात जनरल झाले, तेव्हासुद्धा त्यांनी हात मिळवण्याआधी तो विजारीला मागून पुसला. समोर सम्राटाचा दूत हात पुढे करून ताटकळलेला, आणि हे आपले पुसतायत. पुसला, पाहिला, मान हलवली. दुसऱ्या बाजूला पुसला, पुन्हा पाहिला. शेवटी हात पाठीमागे लपवून कोपर पुढे केलं. सगळं थिएटर हसून आडवं झालं. मीही हसले. पण घरी येताना ट्राममध्ये एक प्रश्न मनातून जाईना. जनरलच्या हाताला असं काय लागलेलं असणार?

प्रत्येक सिनेमात त्यांचं हेच. नोटरी असोत, न्यायाधीश असोत, नवरीचा बाप असोत, हात पुसायचे आणि कोपर पुढे करायचं. व्हिएन्नात ती रीतच होऊन गेली होती. आमचा खाटीक मांसाचं पुडकं देताना कोपर पुढे करायचा आणि वर डोळा मारायचा. चाळीसेक सिनेमे केले ब्लाशेकसाहेबांनी, त्यातल्या बहुतेकांच्या गोष्टी लोक विसरले. कोपर मात्र कुणी विसरलं नाही.

आणि एवढा मोठा माणूस राहायचा कुठे, तर ओटाक्रिंगमध्ये, व्हिएन्नाच्या कामगार वस्तीत, आमच्याच तिसऱ्या मजल्यावर, माझ्या दारापासून दुसऱ्या दारात. आमच्या इमारतीत नळ घरात नाही, जिन्याजवळच्या भिंतीत आहे, पाच बिऱ्हाडांत एक. पेपरात ज्यांचा फोटो यायचा ते ब्लाशेकसाहेब सकाळी बादली घेऊन माझ्यामागे उभे असायचे. छत्रीसारखे उंच आणि किडकिडीत, अंगात कोपरावर ठिगळ लावलेला गाऊन.

"साहेब, आता तरी बाग असलेलं घर घ्या," मी एकदा म्हटलं.

"बागेत बोलायला कोण असतं, डोर्नरबाई? गोगलगायी. इथे निदान तुम्ही तरी आहात."

त्यांची हकीकत मी अशी तुकड्यातुकड्यांनी, बादली भरेपर्यंत ऐकली. वडील लिंझला पोस्टात कारकून. मुलाला चामड्याच्या दुकानात चिकटवलं, तो तिथून एका फिरत्या नाटक मंडळीबरोबर पळाला. पुढची बावीस वर्षं तबक घेऊन रंगमंचावर यायचं आणि "जेवण तयार आहे, सरकार" एवढं म्हणून परत जायचं. "पण त्या चार शब्दांत मी काय काय केलं म्हणून सांगू!" ते म्हणायचे. "एकदा ग्राट्झला मी ते रडून म्हटलं. मालकाने मला काढूनच टाकलं." पहिला सिनेमा मिळाला तो एकोणीसशे तीसमध्ये, चव्वेचाळिसाव्या वर्षी. भूमिका नोटरीची. दिग्दर्शक म्हणाला, काउंटशी हात मिळवा आणि जा. यांनी हात मिळवायच्या ऐवजी तो पुसला. कॅमेरावाला इतका हसला की चित्र हललं आणि सगळं पुन्हा घ्यावं लागलं.

"पण सुचलं कुठून ते?" मी विचारायची.

"बादली भरली तुमची," ते म्हणायचे.

दुसरं एक कोडं होतं आमच्या नाव्राटिलबाईंचं. रोझालिया नाव्राटिल म्हणजे इमारतीची देखरेख करणाऱ्या बाई. तळमजल्यावर राहायच्या, सगळ्या किल्ल्या त्यांच्याकडे. जिना पुसणार त्या, कोण कधी आलं-गेलं ते जाणणार त्या. जगात त्या कुणाशी बोलत नाहीत असं नव्हतं. दुसऱ्या मजल्यावरच्या पोपटाशीही भांडायच्या. फक्त ब्लाशेकसाहेब जिन्यावर दिसले की भिंतीकडे तोंड करायच्या. साहेब टोपी काढून म्हणायचे, "नमस्कार, नाव्राटिलबाई." बाई भिंतीला म्हणायच्या, "ओलं आहे. पाय पुसा."

मी लग्न होऊन तेहेतीसमध्ये या घरात आले, तेव्हाही हेच. युद्धात बॉम्बच्या भीतीने आम्ही सगळे तळघरात बसायचो. तिथे बाईंनी प्रत्येकाची खुर्ची ठरवून दिली होती. आपली खुर्ची त्यांनी अशी ठेवली होती की पाठ बरोबर साहेबांकडे यावी. त्या वर्षांबद्दल आम्ही नळावरही बोलत नाही, पण ती पाठ मला आठवते. जुन्या भाडेकरूंना विचारलं, तर सगळे आपापली बादली उचलून चालू लागायचे.

चोपन्नच्या वसंतात एका सकाळी साहेब नळावर आले, तर त्यांची बादली पाण्याने भरलेलीच होती.

"डोर्नरबाई, तुमचं आणि खालच्या बाईंचं बरं जमतं. माझं एक काम कराल?"

"त्या मला आळशी म्हणतात. याला बरं जमणं म्हणत असाल तर करीन."

एक नवा सिनेमा आला होता. मुख्य भूमिका, पहिल्यांदाच. म्हातारा शेगडीवाला. आमच्याकडे खोलीच्या कोपऱ्यात चिनीमातीच्या फरशांची उंच शेगडी असते ना, ती बांधणारा, काजळी काढणारा कारागीर.

"म्हणजे आता खरोखर काळे हात!" मी म्हटलं. "मग तोंड का असं?"

"नाव्राटिलबाई हो म्हणेपर्यंत मी सही करणार नाही. माझं वय अडुसष्ट. दुसरी अशी भूमिका यायची नाही, ठाऊक आहे मला. तरीही नाही करणार."

"त्यांचा काय संबंध?"

साहेबांनी बादली खाली ठेवली. खालच्या वळणावर जिना घासल्याचा आवाज चालू होता.

"त्यांचे यजमान वेन्झल. शेगड्या बसवायचे. मी इथे राहायला आलो तेव्हा माझ्याकडे एक पेटी आणि एक फाटका कोट. नाटकवाला म्हटल्यावर लोक चमचे मोजून ठेवायचे. वेन्झल जिन्यात भेटले, काजळीने माखलेले. मी हात पुढे केला. त्यांनी आपला हात पुसला, पाहिला, पुन्हा पुसला. म्हणाले, 'नाही साहेब, तुमचा हात खराब होईल,' आणि कोपर पुढे केलं. माझा हात खराब होऊ नये असं तोवर कुणालाच वाटलं नव्हतं, डोर्नरबाई. साहेबही कुणी म्हटलं नव्हतं."

खालचा ब्रश थांबला होता.

"मग वापरलंत कशाला ते?" नाव्राटिलबाईंचा आवाज वर आला, आणि पाठोपाठ त्या स्वतः आल्या, हातात ब्रश तसाच. मी या घरात आल्यापासून प्रथमच त्यांचं तोंड साहेबांकडे होतं. "एवढं लागलं होतं मनाला, तर मनातच ठेवायचं. तुमचा तो सिनेमा लागला आणि रस्त्यात पोरं वेन्झलला कोपर दाखवायला लागली. गिऱ्हाइकं दारातच हसायची. तो मला एक शब्द बोलला नाही. रोज घरी येऊन खालच्या नळावर अर्धा अर्धा तास हात धुवायचा. साबणाने. थंडीत. कातडी फुटली तरी धुवायचा. दोन वर्षं. मग गेला."

साहेब म्हणाले, "मला ठाऊक नव्हतं."

"तुम्हाला काय ठाऊक असणार? तुम्ही बर्लिनला कोपरं दाखवत होतात. माझं उत्तर नाही. करा सही नाहीतर करू नका, मी हो म्हणणार नाही."

आठवडा गेला. मग आलुबुखाराच्या जॅमच्या करंज्या केल्या आणि खाली गेले.

"करंज्या म्हणजे काहीतरी मागायला आलात," बाई म्हणाल्या, पण ताटली घेतली.

"एकच विचारते. तो पहिला सिनेमा तुम्ही पाहिलात?"

"मी? कशाला? लोक कसे हसतात ते बघायला?"

"म्हणजे पाहिलाच नाही?"

त्यांनी करंजी मोडली आणि आत जॅम किती आहे ते पाहिलं. "हात आखडता घेतलात जॅमला," म्हणाल्या. मग करंजी ताटलीत ठेवून, "नाही पाहिला."

कपाटावर वेन्झलचा फोटो होता, घरातला एकुलता एक, लग्नातला. कुणाच्या तरी अंत्ययात्रेला उभा असावा तसा ताठ.

कोपऱ्यावरच्या थिएटरात रविवारी दुपारी जुने सिनेमे लावतात. नोटरीचा सिनेमा लागल्याचं मी बाईंना सांगितलं आणि वर निघून आले. रविवारी दोन वाजता त्या काळी टोपी घालून माझ्या दारात उभ्या. "चला. नंतर म्हणू नका की बघितलं नाही."

पर्स मांडीवर धरून त्या ताठ बसल्या होत्या. नोटरी दारातून आत आला, काउंटने हात पुढे केला. लोक आधीच हसू लागले. नोटरीने हात पुसला. नाव्राटिलबाई पुढे झुकल्या. त्याने हाताकडे पाहिलं, खालचा ओठ जरा बाहेर काढला, मान हलवली. माझ्या मनगटात नखं रुतली.

"तो ओठ," त्या कुजबुजल्या. "तो ओठ बघा. हिशेब चुकला की तो अस्साच..."

सगळं थिएटर हसत होतं. दिवे लागले तरी त्या उठेनात.

"पुन्हा कधी लावतात?"

"चार वाजता."

"मग उठताय कशाला?"

चारचा खेळही आम्ही पाहिला. या वेळी त्या डोळे बारीक करून बसल्या, जिन्यावर कुणाच्या चिखलाचे पाय उमटलेत ते शोधताना बसतात तशा. बाहेर आल्यावर त्यांनी टोपी सरळ केली. मग म्हणाल्या, "लोक हसले. वेन्झलने पाहिला असता तर तो हसला असता की नाही, हे आता मला कोण सांगणार?" ब्रेडच्या दुकानापाशी त्या एकदम थांबल्या. "आणि चुकलंय ते."

"काय चुकलंय?"

त्या पुढे चालू लागल्या.

सोमवारी सकाळी मी नळाखाली बादली लावली होती. साहेब मागे उभे होते. नाव्राटिलबाई जिना चढून आल्या, ओल्या हातांनीच.

"डावीकडे आधी," त्या म्हणाल्या.

"काय?" साहेबांनी टोपी काढायला हात डोक्याकडे नेला. टोपी नव्हतीच.

"तुम्ही उजवीकडे आधी पुसता. वेन्झलच्या मागच्या उजव्या खिशात फूटपट्टी असायची, तो डावीकडे आधी पुसायचा. चाळीस सिनेमे केलेत आणि चाळीसही चुकीचे. पुसून दाखवा."

साहेबांनी गाऊनला पुसलं.

"गाऊनला नाही, मागे! हां. आता बघा हाताकडे. मान एवढी हलवू नका, तो घोडा नव्हता. थोडी. ओठ राहू द्या, ओठ बरोबर आहे."

साहेबांनी कोपर पुढे केलं. बाईंनी ते दोन बोटांनी धरून जरा खाली केलं. "इतकं वर नाही. तो बुटका होता." आणि बोटं तिथेच राहिली.

"म्हणजे सही करू?" साहेबांनी विचारलं.

"उद्या सकाळी सहाला खाली या. शेगडीचं दार कसं उघडतात तेही तुम्हाला येत नसणार." मग त्या माझ्याकडे वळल्या. माझी बादली केव्हाची भरून वाहत होती, पाणी तीन पायऱ्या उतरून गेलं होतं. "आणि तुम्ही काय तमाशा बघताय, डोर्नरबाई? हे कोण पुसणार?"