अक्कांच्या पोलीस स्टेशनातले विनोद

अक्का गेल्या, आणि बातमी ऐकल्यावर मी आधी हसले.

सकाळी त्यांच्या पुतण्याचा फोन आला. झोपेतच गेल्या म्हणाला. मला हसू फुटलं, मग रडू. नक्की कशाचं, ते अजून कळत नाहीये.

नीट सांगते.

९७ साली मी नागपूरहून बंगलोरला गेले. बोम्मसंद्र्याला एका फॅक्टरीत ट्रेनी इंजिनीअर होते. राहायला चामराजपेटेत, अक्कांच्या घराची मागची खोली.

अक्का मराठीच. पण घराणं तीनशे वर्षांपासून तिकडचं. "स्वल्प थांब ग, दोसा घालते," असं मराठी.

त्यांचे मिस्टर हेड कॉन्स्टेबल होते, मी जायच्या खूप आधी वारलेले. भिंतीवर टोपी घातलेला फोटो. त्यांचा विषय अक्का कधी काढत नसत.

दर बुधवारी संध्याकाळी कन्नड चॅनेलवर एक कॉमेडी सीरियल लागायची. छोटं पोलीस स्टेशन, जाडे साहेब, चार पोलीस आणि कधीच सुरू न होणारी जीप.

मला कन्नड शून्य. अक्का शेजारी बसून मराठीत सांगायच्या.

"हा बारका म्हणतोय, साहेब, चोर पळाला नाही, मीच त्याला दूध आणायला पाठवलंय."

"मग साहेब?"

"साहेब विचारतायत, परत येईल ना? हा म्हणतोय, येईल की, त्याची चप्पल इथंच आहे!"

मी हसून हसून लोळायचे.

त्या स्टेशनात सगळे एकमेकांवर ओरडायचे आणि मग एकत्र जेवायला बसायचे. माझ्या फॅक्टरीत नुसतं ओरडणं होतं. डबा मी एकटीच खायचे.

मी आठवडाभर बुधवारची वाट बघायचे. सीरियल इतकी आवडली की कंपनीच्या बसमध्ये शैलजाला ते जोक सांगायला लागले. ती बंगलोरचीच.

ती माझ्याकडे बघतच राहिली. "तू कौनसा सीरियल देखती है? उसमें तो ऐसा कुछ होता ही नहीं!"

मला वाटलं, हिला ह्यूमर कळत नाही.

पण पुढच्या बुधवारी मी कान देऊन ऐकलं. तोवर थोडं कन्नड यायला लागलं होतं. सगळ्यात आधी शिकले होते 'ऊट आय्ता?', जेवण झालं का? तिथं भेटेल तो हेच विचारतो.

अक्का म्हणाल्या, "साहेब विचारतायत, जेवलास का?"

पडद्यावर साहेब जीपला लाथा घालत होते. 'ऊट' हा शब्द कुठेच नव्हता.

"अक्का, ते असं नाही म्हणाले."

अक्कांनी माझ्याकडे बघितलं. मग म्हणाल्या, "सरी, बरं. तूच सांग."

"ते म्हणतायत... जीप ढकला."

दोघीही हसलो नाही.

पुढच्या बुधवारी त्या वेळेला अक्का देवळात गेल्या. त्याच्या पुढच्याही. मी एकटीने बघितली. भंगार सीरियल होती हो!

तिसऱ्या बुधवारी त्यांना दारातच गाठलं.

"अक्का, बसा ना. मला काही कळत नाही."

"कळतं की तुला कन्नड."

"नाही कळत."

चपला घालून त्या तशाच उभ्या राहिल्या. मग म्हणाल्या, "हे सव्वीस वर्षं स्टेशनात होते. घरी एक शब्द नाही. बूट काढायचे, गप्प बसायचे. ड्यूटीवरच गेले, खुर्चीत. शेवटी कोणाशी काय बोलले, जेवले की नाही, कोणी मला सांगितलं नाही ग."

मी सॉरी म्हटलं. इतकं मूर्खासारखं वाटलं.

"मग मीच ठरवलं. चांगलंच काहीतरी बोलत असतील."

चपला काढून त्या येऊन बसल्या. टीव्हीवर साहेब कोणावर तरी खेकसत होते.

"काय म्हणतायत अक्का?"

"म्हणतायत, त्या नागपूरच्या पोरीला आत टाका. फार प्रश्न विचारते."

त्या दिवशी आम्ही दोघी डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो.

सीरियल बंद पडेपर्यंत प्रत्येक बुधवारी बघितली. मग मी पुण्याला आले. दिवाळीला फोन व्हायचा, तेवढाच.

आज पुतण्याला मी सहज म्हटलं, काका गमतीशीर असतील ना? तो म्हणाला, "काका? काका घरात कोणाला हसू द्यायचे नाहीत."

मी फोन ठेवला.

मग अक्कांनी मला कोणाचं स्टेशन दाखवलं? तो बारका कोण? त्यांना नवरा तसा आठवत होता, की तसा हवा होता? विचारायला त्याच नाहीत आता.

अक्का, मला अजून नीट कळलेलं नाही. पण घरापासून इतक्या लांब, अगदी एकटी असताना मी पोटभर हसले, ते फक्त तुमच्यामुळे.

शांत झोपा. मनापासून नमस्कार.