रेषेची संभाव्यता

मुलीचं नाव ठरवायला मी गणित वापरलं, आणि त्या गणितात माझी काहीही चूक झाली नव्हती, हे आधीच सांगून ठेवतो.

मी बोरी बुद्रुकच्या हायस्कूलला गणित शिकवतो. घर खोडदला. मुलगी झाली, गुरुजींनी पत्रिका बघून ‘र’ अक्षर काढून दिलं आणि घरात नावावरून जुंपली. माझ्या मनात नाव पक्कं होतं : रेषा. सरळ, स्वच्छ, दोन्ही बाजूंना अमर्याद वाढणारं. माझी बायको वैशाली शांतपणे म्हणाली, “आणि दुसरी झाली तर? बिंदू?” आबांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं, म्हणणं असं की रेघ पाटीवर मारायची असते, पोरीला ठेवायची नसते. सासूबाई येडगावहून मुक्कामाला आल्या होत्या. त्या जावयाला तोंडावर काही बोलत नाहीत. ‘नाव लई बारीक वाटतं’ एवढंच पुटपुटून त्यांनी बाळाच्या टाळूवर तेल थापलं.

शेवटी बारशाच्या आदल्या दिवशी मी तोडगा काढला. आई, आबा, वैशाली, सासूबाई आणि माझी बहीण मंगल (ती आत्या, म्हणजे बारशातली मुख्य अधिकारी) या पाच जणांनी एकमेकांना न विचारता चिठ्ठीवर एकेक नाव लिहायचं. कुठल्याही दोन चिठ्ठ्या जुळल्या तर ते नाव. नाही जुळल्या, तर रेषा.

सगळ्यांना हा न्याय पटला. मला पटणारच होता, कारण हिशेब मी आधीच करून ठेवला होता. एसटी स्टँडवरून आणलेल्या नावांच्या पुस्तकात ‘र’ची मुलींची दोनशे नावं होती (दोनदा मोजली). पाच माणसांच्या जोड्या होतात दहा. एक जोडी जुळायची शक्यता दोनशेत एक. म्हणजे सगळं मिळून शंभरात पाच. उरलेले पंच्याण्णव माझे! त्या दुपारी मी जेवलोही जरा जास्तच.

चिठ्ठ्या मीच उघडल्या. पहिली आबांची : राणी. दुसरी वैशालीची : राणी. असू दे, शंभरात पाच वेळा व्हायचंच. तिसरी मंगलची : राणी. मी चिठ्ठी उलटून पाहिली. चौथी सासूबाईंची : राणी. पाचवी आईची : रानी. मी ताबडतोब हरकत घेतली, की शुद्धलेखन वेगळं म्हणजे नाव वेगळं.

“मग चारच धर,” मंगल म्हणाली.

पाचही जुळायची शक्यता मी पाठकोऱ्या कागदावर काढली. एकशे साठ कोटींत एक! एवढी देशात माणसं नाहीत. हा सरळसरळ कट आहे, तुम्ही आपसात ठरवलंत, असं मी जाहीर केलं. एकेकाला स्वयंपाकघरात बोलावून वेगळी चौकशीही केली. सासूबाईंनी तर जायची पिशवी भरायला घेतली. आई दुखावली.

“आमी कशाला ठरवू?” ती म्हणाली. “मला दुसरं नाव सुचलंच न्हाई.”

बाकीच्यांचंही अगदी हेच उत्तर. त्यामुळे माझा संशय वाढला, आवाजही वाढला आणि पाळण्यातली पोर दचकून किंचाळायला लागली. मी धावलो, तिला खांद्यावर घेतलं आणि पाठीवर थोपटत म्हणालो, “ओ ओ ओ, गप गं माझी राणी. कुणी रडवलं माझ्या राणीला?”

पोर गप्प झाली. मग सासूबाईंनी पिशवी खाली ठेवून तोंडाला पदर लावला आणि आबा भिंतीकडे तोंड करून गदगदा हलू लागले.

“दादा,” मंगल म्हणाली, “अकरा दिवस आम्ही दुसरं काय ऐकतोय?”

आठवून पाहिलं. आंघोळ झाल्यावर, दुपटं बदलताना, पाळणा हलवताना माझं हेच चाललेलं. रेषा म्हणून मी तिला एकदाही हाक मारली नव्हती. (तुम्ही रेषा म्हणून कुणाला झोपवून बघा.)

दुसऱ्या दिवशी मंगलनं बाळाच्या कानात राणी हे नाव सांगितलं आणि रिवाजाप्रमाणे पाठीत धपाटे खाल्ले. खरं तर ते माझ्या पाठीत बसायला हवे होते.

आता वर्गात मी नाण्याची आणि फाशांचीच उदाहरणं देतो. एका घटनेचा दुसरीवर परिणाम होत नसेल तर त्या स्वतंत्र घटना, असं फळ्यावर लिहितो. एखाद्यानं घरातलं उदाहरण मागितलंच, तर खरं ते सांगतो, की आमच्या घरात स्वतंत्र असं काहीच नाही. सर तर नाहीतच नाहीत.