आठल्ये सर, मेटे आणि दोन दारांचा हॉल

माझं आयुष्य कधी बदललं ते मला नेमकं सांगता येतं. स्टुटगार्टच्या आमच्या टेनिस क्लबच्या हिवाळी हॉलची दोन्ही दारं मी एकाच वेळी उघडली, तेव्हा.

हा हॉल म्हणजे हवेवर फुगवलेला पांढरा तंबू. आत जाताना आधी बाहेरचं दार लावायचं, मगच आतलं उघडायचं. नाहीतर हवा निघून जाते आणि छत खाली यायला लागतं. मला यातलं काही माहीत नव्हतं. एस-बानमध्ये, म्हणजे इथल्या लोकलमध्ये, समोर बसलेल्या, रॅकेटची भलीमोठी बॅग सांभाळणाऱ्या एका मुलीच्या मागे मी माझं स्टेशन सोडून इथवर आलो होतो. दारांकडे लक्ष कोणाचं होतं! कानांत दडे बसले, वारा सुटला, छत डुलायला लागलं आणि मी मोठ्याने ‘आयला’ म्हणालो. कोर्टावरचे टोपीवाले गृहस्थ तोवर जर्मनमध्ये ओरडत होते. ते तत्काळ मराठीवर आले.

“आधी बाहेरचं लाव रे. तुमच्या घराला दारं नव्हती का?”

ते गृहस्थ म्हणजे श्री. दिनकर आठल्ये सर आणि ती मुलगी म्हणजे मेटे. डेन्मार्कहून आलेली, वय सतरा, व्यावसायिक टेनिसच्या अगदी खालच्या पायरीवर उभी. सरांच्या एकसष्टीच्या या ग्रंथात मी सरांवर लिहायचं आहे, मेटेवर नाही, असं संपादकांनी मला बजावलेलं आहे. पण सरांचं काम सांगायचं तर तिची कारकीर्द सांगावी लागते, आणि ती सांगायला लागलो की माझं काय होतं हे इथल्या मराठी मंडळात एव्हाना सगळ्यांना ठाऊक आहे. वाचकांनी सांभाळून घ्यावं.

सर मूळचे साताऱ्याचे. गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीत इंजिनियर म्हणून ते इथे आले, संध्याकाळी क्लबातल्या मुलांना शिकवू लागले आणि एके दिवशी नोकरी सोडून पूर्णवेळ तेच करू लागले. काकू अजूनही म्हणतात, “अहो, मला आधी सांगायचं तरी होतं.” सर यावर चहा मागतात. मेटेला एका मोठ्या अकादमीने पाय जड आहेत म्हणून परत पाठवलं होतं. सरांनी तिचे पाय पाहिले नाहीत. ती हरल्यावर बॅग कशी भरते ते पाहिलं, आणि ठेवून घेतलं. बॅगेत त्यांना काय दिसलं ते मी पुष्कळदा विचारलं. तेव्हाही सर चहाच मागतात.

मी डावखुरा. सांगलीत शाळेत असताना बऱ्यापैकी खेळायचो. सरांना तिच्या सरावाला डावखुरा हवाच होता, त्यामुळे दारांचा गुन्हा माफ झाला. सरांची पद्धत वेगळी. मेटेची पुढची मॅच जिच्याशी असेल तिचा खेळ ते आधी बघून यायचे आणि सकाळी मला सांगायचे, “आज तू ती पोलंडची मुलगी.” मग मी पोलंडची मुलगी व्हायचं. तिच्यासारखा स्लाइस, तिच्यासारखा सर्व्हिसआधी चेंडू आपटत वेळ काढणं, पॉइंट गेला की तिच्यासारखं आकाशाकडे बघणं. दुसऱ्या आठवड्यात मी हंगेरीची. मेटे नेटपलीकडून हसून वाकायची. त्या हसण्यासाठी मी कोणीही झालो असतो, आणि झालोही.

ज्यासाठी जर्मनीत आलो होतो ते कॉलेज मी याच काळात सोडलं. वडिलांचा फोन थेट सरांकडे गेला. मुलगा काय करतो म्हणून त्यांनी विचारलं. सर शांतपणे म्हणाले, “सध्या रशियन मुलगी आहे. चांगलं करतोय.” वडिलांनी नंबर चुकला का म्हणून विचारलं. मग सरांनी वडिलांना सगळं नीट समजावलं, मुलगा रोज आमच्याकडे जेवतो असं सांगितलं, आणि फोन ठेवल्यावर मला म्हणाले की परत जायचं नसेल तर जाऊ नकोस, पण प्रोफेसरांना भेटून तसं सांग. “पळून आलेला माणूस मला कोर्टावर नको.” मी तणतणत गेलो. प्रोफेसरांनी हात मिळवून शुभेच्छा दिल्या, त्यामुळे भांडताही आलं नाही.

मेटे वर चढत गेली. छोट्या गावांतल्या स्पर्धा, क्वालिफायिंगमधले पराभव, सरांच्या जुन्या गाडीत मागच्या सीटवर काकूंच्या पोळीच्या गुंडाळ्या. नेकारसुल्मजवळच्या एका स्पर्धेत तिने पहिल्यांदा मानांकित खेळाडूला हरवलं. लोक टाळ्या वाजवत होते, तिला उचलून घ्यावंसं मला वाटत होतं, आणि सर एक रुंद जाळी लाल मातीच्या कोर्टावरून ओढत निघाले होते. खेळून झालं की कोर्ट सारखं करून द्यायचं, हा इथल्या क्लबांचा रिवाज. पण स्पर्धेत त्यासाठी माणसं असतात. मेटेने जाळीचं दुसरं टोक धरलं. मी टाळ्या वाजवतच उभा होतो.

मग म्युनिकच्या एका नावाजलेल्या प्रशिक्षकांचं बोलावणं आलं. सरांनीच तिला जा म्हणून सांगितलं. माझं डोकं फिरलं. सगळ्यांसमोर मी सरांना विचारलं की तुम्ही घडवलंत आणि नाव दुसऱ्याचं, हे चालतं कसं तुम्हाला? आणि पाठवायचंच असेल तर मलाही पाठवा. सर म्हणाले, “तिला आता नकला पुरत नाहीत, निखिल. खऱ्या बायका समोर यायला हव्यात.” मी त्यांच्याशी बोलणं टाकलं. जेवायला मात्र जात होतो.

शेवटच्या सरावाला मी विचारलं, आज कोण? सर म्हणाले, “आज निखिल.”

मला सर्व्हिसच करता येईना. माझा स्वतःचा बॅकहँड कसा असतो तेच आठवेना. थोड्या वेळाने काहीतरी वेडंवाकडं जमायला लागलं, मी नेटवर धावलो, पडलो, दोनचार पॉइंट घेतले. शेवटी मेटे नेटपाशी येऊन मला म्हणाली, “हा खेळाडू चांगला आहे. आधी का नाही आणलास?” आणि संध्याकाळच्या गाडीने गेली.

तिला काय म्हणायचं होतं? टेनिसबद्दल होतं की माझ्याबद्दल? सरांना विचारलं, तर म्हणाले, “मला फक्त टेनिस कळतं.” सरांनी त्या दिवशी माझ्यावर कृपा केली की मला शिक्षा दिली, हेही मला कळलेलं नाही. मेटे आता मोठ्या स्पर्धांच्या मुख्य फेरीत खेळते. परवा म्युनिकमध्ये तिची मॅच आहे.

शुभेच्छा कागदावर नकोत म्हणून आज सकाळी हॉलवर गेलो. वाकून नमस्कार केला, उदंड आयुष्य लाभो, प्रकृती उत्तम राहो, असं म्हणालो. सर म्हणाले की आयुष्याचं बघता येईल, उजवा गुडघा तेवढा टिकू दे. तो टिकावा, आणि अजून पुष्कळ वर्षं त्यांनी कोर्टावर उभं राहून आमच्यासारख्यांना ओरडावं, हीच माझी मनापासूनची इच्छा आहे. मग मी म्युनिकला निघाल्याचं सांगितलं.

“कोण म्हणून जातोयस?”

“माहीत नाही, सर.”

“चालेल. दार लाव.”

मी बाहेर पडलो. आतलं दार ओढून घेतलं, नीट लागलं का पाहिलं, मग बाहेरचं उघडलं. छत हललं नाही. बाहेर थंडी होती. मी तेही दार लावलं.